मार्क चांगले आहेत, म्हणून मदत नाही?

पत्र: नमस्कार. आम्ही न्यू जर्सीत राहतो. मुलगा ११ वर्षांचा, सहावीत आहे. तिसरीपासून त्याचं काहीतरी बिनसलंय. एक उत्तर चुकलं की कागद फाटेपर्यंत खोडत बसतो, मग वही भिरकावतो, मग टेबलाखाली जाऊन बसतो. सोमवारी सकाळी हमखास पोट दुखतं. शाळेतही सारखा नर्सकडे जातो. डॉक्टरांना पोटात काही सापडलं नाही. मित्र नाहीत. गेल्या महिन्यात ग्रुप प्रोजेक्टच्या वेळी त्याने खुर्ची फेकली आणि दोन दिवस सस्पेंड झाला. घरी आल्यावर म्हणाला, “मी नसतोच तर सगळ्यांना बरं झालं असतं.” काउन्सिलरना स्पेशल एज्युकेशनबद्दल विचारलं, तर म्हणाल्या, “सगळ्या विषयांत ए आहे, तो त्यात बसणार नाही. हा वागण्याचा प्रश्न आहे, डिसॅबिलिटीचा नाही. आधी आय अँड आर एसमधून काही उपाय करून बघू.” नवऱ्याला हा विषयच नको. एकदा शिक्का बसला की कॉलेजपर्यंत पुसला जाणार नाही, असं त्याचं म्हणणं. सासूबाई आमच्याकडेच असतात, त्या म्हणतात, लाडावलाय. मी काय करू?
— एक आई

उत्तर: नमस्कार.

आधी “मी नसतोच तर” या वाक्याचं बघू, कारण ते शाळेच्या कुठल्याही मीटिंगसाठी थांबणार नाही. त्याच्या पीडियाट्रिशियनला याच आठवड्यात फोन करा आणि वाक्य जसंच्या तसं सांगा. “थोडा उदास असतो” असं त्याचं सौम्य रूप करू नका. मुलाला शांतपणे, सरळ विचारा की मरावंसं वाटतं का, तसं काही करायचा विचार मनात येतो का. विचारल्याने मुलाच्या डोक्यात नसलेला विचार शिरत नाही. हो म्हणाला किंवा उत्तर टाळलं, तर ९८८ या आत्महत्या रोखण्यासाठीच्या हेल्पलाइनवर कधीही फोन किंवा मेसेज करता येतो. न्यू जर्सीत राज्याच्या चिल्ड्रन्स सिस्टिम ऑफ केअरची मोबाइल रिस्पॉन्स सेवाही आहे, त्यात माणूस तुमच्या घरी येतो. थेरपिस्ट शोधायला आजच लागा. शाळेची प्रक्रिया काही महिने चालते, तोवर हात बांधून बसायचं कारण नाही.

आता शाळा. काउन्सिलरनी तुम्हाला तीन गोष्टी सांगितल्या आणि तिन्ही अर्धवट आहेत. त्यांच्या मनात खोट असेल असं मी म्हणत नाही. पण मुलगा बसतो की नाही हे एकट्या काउन्सिलरने कॉरिडॉरमध्ये ठरवायचं नसतं. ते रीतसर तपासणीनंतर ठरतं, आणि ठरवणाऱ्यांत कायद्याने तुम्हीही असता.

डिसॅबिलिटी असलेल्या मुलांच्या स्पेशल एज्युकेशनचा, म्हणजे खास शिकवण्याचा, हा अमेरिकेचा केंद्रीय कायदा १९७५चा, १९९०पासून ‘आयडिया’ या नावाने ओळखला जाणारा. त्यात डिसॅबिलिटीचे १३ वर्ग आहेत. तुमच्या पत्रातला मुलगा ज्या वर्गाच्या दारात उभा आहे, त्याला केंद्रीय नियमात ‘इमोशनल डिस्टर्बन्स’ म्हणतात. न्यू जर्सीच्या नियमात त्याला आता ‘इमोशनल रेग्युलेशन इम्पेअरमेंट’ असं नाव आहे. कागदपत्रांत हे नाव दिसलं की दचकू नका, वर्ग तोच. नियमात पाच लक्षणं दिली आहेत. बुद्धी, नजर-कान किंवा तब्येत यांपैकी कशानेही उलगडा न होणारी शिकण्यातली अडचण, हे पहिलं. बरोबरीच्या मुलांशी आणि शिक्षकांशी नातं जोडता किंवा टिकवता न येणं, हे दुसरं. साध्या प्रसंगात न शोभणारं वागणं किंवा भावना, हे तिसरं. सगळीकडे पसरून राहिलेलं दुःख किंवा नैराश्य, हे चौथं. आणि घरच्या किंवा शाळेच्या अडचणींमुळे शारीरिक दुखणी वा भीती निर्माण होण्याची प्रवृत्ती, हे पाचवं. यातलं एक असलं तरी पुरतं. मात्र ते दीर्घकाळ असावं लागतं, ठळक प्रमाणात असावं लागतं, आणि त्याचा मुलाच्या शैक्षणिक कामगिरीवर वाईट परिणाम होत असावा लागतो.

हे वाचून पुन्हा तुमच्या पत्राकडे वळले. तिसरीपासून सहावीपर्यंत, म्हणजे दीर्घकाळ. एका चुकलेल्या उत्तरासाठी कागद फाटेपर्यंत खोडणं आणि टेबलाखाली जाणं, हे तिसरं लक्षण. मित्र नाहीत, हे दुसरं. डॉक्टरांना न सापडलेलं सोमवारचं पोट, हे तर पाचव्याचं पुस्तकातलं उदाहरण वाटावं. आणि “मी नसतोच तर” हे चौथ्याकडे बोट दाखवतं. इथे बसून निदान करायचा मला अधिकार नाही आणि तसं करूही नये. पण तपासणी मागायला एवढं पुरेसं आहे का, असं विचाराल तर भरपूर पुरेसं आहे.

मग ‘सगळ्या विषयांत ए’ याचं काय? केंद्रीय नियमात स्वच्छ लिहिलंय की मूल नापास झालेलं नसलं, वरच्या इयत्तेत जात असलं, तरी त्याला स्पेशल एज्युकेशनची गरज असेल तर ते मिळायला हवं. त्यामुळे चांगल्या ग्रेडमुळे दार आपोआप बंद होत नाही. तरीही तुम्हाला अंधारात ठेवत नाही: खरी ओढाताण इथेच होते. ‘शैक्षणिक कामगिरी’ म्हणजे नक्की काय, हे नियमात उलगडून सांगितलेलं नाही, आणि बरेच डिस्ट्रिक्ट त्याचा अर्थ रिपोर्ट कार्डपुरता घेतात. शिवाय नुसती डिसॅबिलिटी असून भागत नाही, तिच्यामुळे खास शिकवण्याची गरज आहे हेही दाखवावं लागतं. म्हणून रिपोर्ट कार्डवर ए सोडून आणखी काय छापलंय ते बघा. ‘गटात सहकार्य करतो’, ‘चूक झाल्यावर पुन्हा प्रयत्न करतो’ अशा रकान्यांत काय लिहिलंय? नर्सकडे किती वेळा गेला आणि तेव्हा वर्गात कोणता तास चालू होता? सस्पेन्शनमुळे, टेबलाखाली बसल्यामुळे, बाहेर शांत करायला नेल्यामुळे किती शिकवणं बुडलं? तोंडी सादरीकरण कधी केलंय का, की दर वेळी सूट मिळाली? एखादी बाई त्याला चुकलेलं उत्तर दाखवायचंच टाळत असेल, तर त्या ए मागे किती जणांनी किती सांभाळून घेतलंय हेही मोजायला हवं. नर्सच्या नोंदी हा शाळेचाच रेकॉर्ड आहे आणि तो बघायचा तुम्हाला हक्क आहे. लेखी मागा. सोमवारचं पोट त्यात तारखेनिशी सापडेल.

“हा वागण्याचा प्रश्न आहे” या वाक्याला थोडा कायद्याचा आधार आहे, म्हणून ते नीट समजून घ्या. व्याख्येच्या शेवटी एक अट आहे: जी मुलं फक्त ‘सोशली मॅलअ‍ॅडजस्टेड’ आहेत, ती या वर्गात मोडत नाहीत. म्हणजे काय, हे नियमाने कुठेच सांगितलेलं नाही. व्यवहारात त्याचा अर्थ होतो समजून-उमजून, स्वतःच्या फायद्यासाठी नियम मोडणारं मूल. पण त्याच ओळीत पुढे असंही आहे की अशा मुलाला भावनिक अडचणही असेल, तर ते या वर्गात येतं. तेव्हा मीटिंगमध्ये कुणी “तो मुद्दाम करतो” म्हणालं, तर वाद न घालता एवढंच विचारा: खुर्ची फेकून त्याला काय मिळालं? त्याच्या आधीच्या पाच मिनिटांत काय झालं होतं आणि नंतर तो कसा होता? या प्रश्नांची नीट उत्तरं शोधण्याच्या कामाला ‘फंक्शनल बिहेवियर असेसमेंट’ म्हणतात आणि ते तुम्ही तपासणीतच मागू शकता. तुमच्या पत्रात एक गोष्ट मला दिसली नाही: खुर्ची फेकल्यावर तो रडला का, लपला का, की हसला? ती लिहून ठेवा. तिथे असलेल्या शिक्षकांनाही आत्ताच विचारा, महिनाभराने ते तपशील विसरतील.

आणि आय अँड आर एस, म्हणजे इंटरव्हेन्शन अँड रेफरल सर्व्हिसेस: नेहमीच्याच वर्गात मदत करून बघायची शाळेची सोय. उपाय करून बघायला ना नाही. पण अशा उपायांच्या नावाखाली तपासणी लांबवता किंवा नाकारता येत नाही, असं केंद्रीय शिक्षण खात्याने जानेवारी २०११मध्ये सगळ्या राज्यांना लिहून कळवलं आहे. दोन्ही एकाच वेळी चालू शकतं.

म्हणून आज रात्री ईमेल लिहा. तोंडी विचारणं पुरत नाही. काउन्सिलरशी झालेल्या बोलण्याचा कागदावर मागमूस नाही. ईमेल प्रिन्सिपॉलना आणि डिस्ट्रिक्टच्या स्पेशल सर्व्हिसेसच्या डायरेक्टरना, काउन्सिलरना कॉपी. इंग्रजीत पाच-सहा ओळी पुरेत: मुलाचं नाव, इयत्ता, मी त्याची आई, माझ्या मुलाला डिसॅबिलिटी असल्याची मला शंका आहे, त्याला स्पेशल एज्युकेशन लागतं का यासाठी चाइल्ड स्टडी टीमकडून (शाळेच्या तज्ज्ञांच्या गटाकडून) संपूर्ण तपासणी व्हावी अशी ही माझी लेखी विनंती, त्यात सामाजिक आणि भावनिक बाजूही तपासावी. मग तिसरीपासूनचे तीन-चार प्रसंग, एकेका ओळीत. ‘इमोशनल’ असा एकच वर्ग मागू नका. कोणत्या वर्गात बसतं हे तपासणीनंतर ठरतं. एडीएचडी निघालं तर ‘अदर हेल्थ इम्पेअरमेंट’ हा वेगळा वर्ग असतो, ऑटिझम निघाला तर तो वेगळा. डॉक्टरांचं निदान असेल तर जोडा, पण निदानाच्या चिठ्ठीने आपोआप पात्रता मिळत नाही. आणि चिठ्ठी नाही म्हणून शाळेला तपासणी नाकारताही येत नाही.

न्यू जर्सीत अशी लेखी विनंती पोचल्यापासून २० दिवसांत शाळेने मीटिंग घ्यायची असते, त्यात तपासणी करायची का आणि कोणती, हे ठरतं. शाळेच्या सुट्ट्या या दिवसांत धरत नाहीत, उन्हाळ्याची सुटी मात्र धरतात. तुम्ही लेखी संमती दिलीत की तपासणी, पात्रतेचा निर्णय, आणि पात्र ठरला तर आयईपी (त्याच्यापुरता आखलेला लेखी शिक्षण-आराखडा) सुरू होणं, हे सगळं ९० दिवसांत व्हायला हवं. पात्रतेच्या मीटिंगआधी किमान १० दिवस रिपोर्टच्या प्रती तुमच्या हातात पडायला हव्यात. मीटिंगच्या टेबलावर पहिल्यांदा रिपोर्ट बघून सही करायची नाही. तपासणी करायला नकार आला तर कारणांसह लेखी मागा. तपासणी झाली पण पटली नाही, तर डिस्ट्रिक्टच्या खर्चाने बाहेरच्या तज्ज्ञाकडून स्वतंत्र तपासणी मागता येते. ती द्यायची नसेल तर डिस्ट्रिक्टला सुनावणीत जाऊन स्वतःची तपासणी योग्य होती हे सिद्ध करावं लागतं. पालकांना यात मदत करायला प्रत्येक राज्यात एक केंद्र असतंच. न्यू जर्सीतलं स्पॅन पेरेंट अ‍ॅडव्होकसी नेटवर्क आहे, त्यांना फोन करा.

ईमेल आजच कशाला, याचं आणखी एक कारण आहे आणि ते फार कमी पालकांना माहीत असतं. स्पेशल एज्युकेशनमधल्या मुलाला वर्षात शाळेचे १० दिवस उलटून सस्पेंड करायची वेळ आली, तर हे वागणं त्याच्या डिसॅबिलिटीतून आलं का, हे शाळेला मीटिंग घेऊन तपासावं लागतं. जो मुलगा अजून पात्र ठरलेला नाही, त्यालाही हे संरक्षण मिळू शकतं, पण त्या घटनेच्या आधीच पालकांनी तपासणी मागितलेली असेल किंवा आपली काळजी लेखी कळवलेली असेल तर. खुर्ची एकदा फेकली गेली आहे. पुढची घटना घडली तर त्या दिवशीच्या आधीची तारीख तुमच्या ईमेलवर असावी. हे नवऱ्यालाही वाचून दाखवा, कारण शाळेने तपासणी करायची तयारी दाखवली आणि पालकांनीच नाही म्हटलं, तर हे संरक्षण जातं.

आता जरा अवघड विषय. शाळेने काय करावं यावर मी खूप लिहिलं. पण अनेक वर्षं आपल्या लोकांबरोबर अशा मीटिंगांना बसून माझं मत असं झालंय की कित्येकदा आपणच आपल्या मुलाची केस पातळ करतो. सायकॉलॉजिस्ट विचारते, “घरी कसा असतो?” आणि आपण म्हणतो, “घरी छान असतो, थोडा हट्टी आहे.” चारचौघांत घरचं उघडं करायचं नाही, हे आपल्या अंगात मुरलंय. मग प्रश्नावली येते. बास्कसारख्या, मुलाच्या वागण्याबद्दलच्या प्रश्नावलीत प्रत्येक वाक्यापुढे चार पर्याय असतात: कधीच नाही, कधीकधी, बऱ्याचदा, जवळजवळ नेहमी. ‘पोट दुखत असल्याची तक्रार करतो’ यापुढे दर सोमवारी पोट धरून बसणाऱ्या मुलाची आई ‘कधीकधी’वर खूण करते, कारण ‘जवळजवळ नेहमी’ लिहिलं की काहीतरी भयंकर वाटतं. सगळीकडे ‘कधीकधी’ आलं की आकडे सरासरीत बसतात. ५० ही सरासरी, ६०पासून ‘लक्ष ठेवा’, ७०पासून ‘गंभीर’. शिक्षकांचे आकडे ७२ आणि आईचे ५४ आले, तर रिपोर्टमध्ये वाक्य येतं की अडचण फक्त शाळेत दिसते. आणि उलट झालं तर फक्त घरी. दोन्ही वाक्यं मुलाच्या विरोधात वापरता येतात.

म्हणून प्रश्नावली भरताना डोळ्यांपुढे मागचे काही महिने ठेवा, त्यातला सगळ्यात बरा दिवस ठेवू नका. नवऱ्याने वेगळी भरावी, तुमची बघून नाही. आणि सासूबाई. शाळेतून आल्यावर त्याच्याजवळ बहुतेक त्याच असतात. लाडावलाय म्हणतात त्या, पण बसमधून उतरताना त्याचा चेहरा कसा असतो, दार किती जोरात आपटतो, किती वेळ खोलीबाहेर येत नाही, हे तुमच्यापेक्षा त्यांनी जास्त पाहिलं असेल. त्यांच्याकडून मत मागू नका, हकीकत मागा: “आई, काल आल्यावर त्याने काय केलं?” त्या सांगतील ते तुम्ही लिहून घ्या, तारखेसह. सोशल वर्कर घरच्यांशी बोलायला येईल तेव्हा त्यांनाही बसवा. मराठीतून बोलायचं असेल तर दुभाषी मागा. मीटिंगमध्ये पालकांना समजावं म्हणून दुभाष्याची सोय करणं शाळेवर बंधनकारक आहे, आणि सासूबाईंसाठी तशी विनंती करायलाही काहीच हरकत नाही.

नवऱ्याची भीती मी हसण्यावारी नेत नाही, पण त्याचा मुद्दा चुकीच्या माहितीवर उभा आहे. आयईपी हायस्कूलच्या ट्रान्सक्रिप्टवर छापत नाहीत. तो कॉलेजला पाठवलाही जात नाही. कॉलेजमध्ये सवलत हवी असेल तर विद्यार्थी स्वतः सांगतो, नको असेल तर नाही सांगत. एसएटी या कॉलेज प्रवेशाच्या परीक्षेला जादा वेळ घेतलेल्यांच्या गुणांपुढे पूर्वी खूण असायची, तीही २००३मध्ये बंद झाली. शिवाय तपासणीला होकार म्हणजे सेवांना होकार नव्हे. पात्र ठरल्यावरही पहिल्यांदा सेवा सुरू करायला पालकांची वेगळी सही लागते, आणि नंतर कधीही लेखी कळवून त्या थांबवता येतात. शिक्क्याचंच बोलायचं, तर ‘खुर्ची फेकणारा मुलगा’ हा शिक्का त्या शाळेत त्याच्यावर आधीच बसलाय, आणि त्याच्यासोबत मदत म्हणून काहीही आलेलं नाही.

नवऱ्याला वाटते त्यापेक्षा वेगळी, खरी जपायची गोष्ट दुसरी आहे. ‘इमोशनल’ या वर्गात मोडणाऱ्या मुलांना पटकन वेगळ्या खोलीत, वेगळ्या शाळेत हलवायची सवय काही डिस्ट्रिक्टना असते, आणि काळ्या मुलांच्या बाबतीत ते वर्षानुवर्षं प्रमाणाबाहेर होत आलंय. तुमच्या मुलाचं डोकं त्याच्या आत्ताच्या शाळेच्या वर्गात नीट चालतंय. कायदा म्हणतो, शक्य तितकं इतर मुलांसोबतच शिकवा. तेव्हा पहिल्याच मीटिंगमध्ये वेगळा वर्ग पुढे आला तर विचारा की याच वर्गात काय काय देऊन बघितलं. आठवड्याला ठरलेले काउन्सेलिंगचे तास, चूक झाल्यावर काय करायचं हे पायरीपायरीने शिकवणं, तोल जातोय असं वाटलं की न विचारता जायची एक ठरलेली जागा आणि परत यायची ठरलेली पद्धत, गटकामात ठरलेली भूमिका, बिहेवियर प्लॅन. ही ध्येयं मोजता येतील अशी लिहून घ्या. ‘रागावर नियंत्रण ठेवेल’ हे ध्येय नव्हे, ती इच्छा झाली. शाळा ५०४ प्लॅन पुढे करील. डिसॅबिलिटीवरून भेदभाव करायला मनाई करणाऱ्या १९७३च्या कायद्यातली ही सोय वाईट नाही, जादा वेळ, विश्रांती वगैरे त्यात मिळतं. पण या मुलाला सवलतीइतकंच शिकवणंही हवंय: चुकणं सोसायचं कसं हे. ते आयईपीत जास्त पक्कं बांधता येतं. आयईपी खरंच नाही मिळाला तर ५०४ घ्या, सोडू नका.

राहिला मुलगा. काही आठवड्यांनी एक अनोळखी बाई त्याला वर्गातून बोलवून नेईल आणि प्रश्न विचारेल. जो मुलगा एका चुकीने कागद फाडतो, त्याला ही आणखी एक परीक्षा वाटणार. आदल्या संध्याकाळी सांगा की ही परीक्षा नाही, याला मार्क नाहीत, तुला शाळेत कशाचा त्रास होतो हे त्या समजून घेणार आहेत आणि हे मीच मागितलंय. कुठलं उत्तर द्यायचं ते पढवू नका. आणि ती तपासणी सोमवारी ठेवू नका म्हणून शाळेला कळवा.